अमेरिकन साहित्याचे संदर्भग्रंथ: कोणता, केव्हा आणि कसा वाचावा

अमेरिकन साहित्याच्या पेपरसाठी 'एक चांगला संदर्भग्रंथ सांगा' असं विद्यार्थी विचारतात, तेव्हा त्यांना बहुधा सगळं काही सापडेल असं एकच जाडजूड पुस्तक हवं असतं. असं पुस्तक नाही. या अभ्यासाला निदान पाच प्रकारची पुस्तकं लागतात: मूळ साहित्यकृतीची भरवशाची आवृत्ती, निवडक साहित्याचा मोठा संग्रह, वाङ्मयाचा इतिहास, कोश आणि समीक्षाग्रंथ. प्रत्येकाचं काम वेगळं आहे. कोशातलं कथानक वाचून उत्तर लिहिणारा आणि समीक्षा संपवून मग कादंबरी उघडणारा, या दोघांचीही मूळ पुस्तकाशी भेट होतच नाही.

आणखी एक गोष्ट सुरुवातीलाच सांगायला हवी. गेल्या पन्नास-साठ वर्षांत अमेरिकन साहित्याचा इतिहास पुन्हा नव्याने लिहिला गेला आहे. आपल्या अनेक महाविद्यालयांतला या विषयाचा साठा मात्र बराचसा त्याआधीचा आहे. ती पुस्तकं टाकाऊ नाहीत, काही तर आजही अजोड आहेत. पण कुठलाही संदर्भग्रंथ हातात घेतला की शीर्षकाचं पान उलटून प्रकाशनाचं वर्ष आधी पाहा आणि वहीत टिपून ठेवा.

असं का करायचं, ते हॅरिएट जेकब्जच्या उदाहरणावरून कळेल. गुलामगिरीतून सुटलेल्या या बाईने 'इन्सिडेन्ट्स इन द लाइफ ऑफ अ स्लेव्ह गर्ल' हे आत्मकथन १८६१ साली लिंडा ब्रेंट या टोपणनावाने प्रसिद्ध केलं. पुढे कितीतरी वर्षं अभ्यासक ते अस्सल मानत नव्हते. ही कादंबरी असावी, किंवा संपादन करणाऱ्या लिडिया मारिया चाइल्डनेच ती लिहिली असावी, असा समज होता. जीन फॅगन येलिन यांनी पत्रं आणि कागदपत्रं शोधून जेकब्जचं लेखकत्व सिद्ध केलं आणि १९८७ साली हार्वर्डतर्फे सटीप आवृत्ती काढली. आता १९६५ सालच्या एखाद्या इतिहासग्रंथात जेकब्ज शोधली तर ती एक तर सापडणार नाही, नाहीतर संशयाच्या शेऱ्यासह सापडेल. इतिहासकाराने आळस केला असं नव्हे, त्याच्या काळात तेवढंच ठाऊक होतं. हे भान ठेवलं तर जुनं कपाटही कामाला येतं.

आधी मूळ संहिता, तीही नीट पारखून

संदर्भग्रंथांच्या यादीत मूळ पुस्तकाची आवृत्ती कुणी धरत नाही. मी ती सर्वांत वर ठेवतो. अमेरिकन साहित्यात 'कोणती आवृत्ती' हा प्रश्न फार महत्त्वाचा आहे, कारण अनेक महत्त्वाच्या कृती एकाहून अधिक रूपांत उपलब्ध आहेत.

एमिली डिकिन्सन घ्या. तिच्या हयातीत जेमतेम दहा कविता छापल्या गेल्या. मृत्यूनंतर १८९० साली मेबल लूमिस टॉड आणि टी. डब्ल्यू. हिगिन्सन यांनी पहिला संग्रह काढला, तेव्हा तिच्या तुटक रेघा काढून टाकल्या, यमकं सारखी केली आणि कवितांना स्वतःच मथळे दिले. 'बिकॉज आय कुड नॉट स्टॉप फॉर डेथ' ही आपल्याकडे हमखास नेमली जाणारी कविता त्या संग्रहात 'द चॅरियट' या मथळ्याखाली आहे आणि तिचं एक अख्खं कडवं गाळलेलं आहे. १९५५ साली टॉमस एच. जॉन्सन यांनी तीन खंडांत १७७५ कविता हस्तलिखितांवरून छापल्या. १९९८ साली आर. डब्ल्यू. फ्रँकलिन यांनी नव्याने क्रम लावून ही संख्या १७८९ वर नेली. म्हणून समीक्षेत कवितेपुढे 'जॉन्सन ७१२' किंवा 'फ्रँकलिन ४७९' असे आकडे दिसतात, आणि हे दोन्ही आकडे वर सांगितलेल्या 'बिकॉज आय कुड नॉट स्टॉप फॉर डेथ' या एकाच कवितेचे आहेत. इंटरनेटवर फुकट मिळणारी डिकिन्सन पुष्कळदा १८९० च्या दशकातली, म्हणजे दुरुस्त केलेली असते. तिच्या रेघांवर उत्तर लिहायचं आणि समोर रेघा पुसलेली कविता ठेवायची, असं करून चालणार नाही. हार्वर्डने २०१३ साली सुरू केलेल्या 'एमिली डिकिन्सन आर्काइव्ह'मध्ये हस्तलिखितांची छायाचित्रं मोफत पाहता येतात. एकदा तरी ती पाहाच. तिच्या हातची रेघ कुठे आखूड आहे, कुठे वर चढते, हे पाहिल्यावर छापील कविता वेगळ्या कानांनी वाचली जाते.

वॉल्ट व्हिटमनची अडचण वेगळी आहे. 'लीव्हज ऑफ ग्रास'ची १८५५ ची पहिली आवृत्ती बारा कवितांची आणि कवितांना मथळे नसलेली होती. तो ती आयुष्यभर वाढवत, बदलत राहिला आणि १८९१-९२ ची आवृत्ती त्याने मृत्युशय्येवर असताना सिद्ध केली. 'साँग ऑफ मायसेल्फ' हा मथळाही १८८१ सालचा आहे. तुमच्या अभ्यासक्रमात कोणती संहिता आहे ते कळल्याशिवाय ओळ उद्धृत करू नका. 'वॉल्ट व्हिटमन आर्काइव्ह' या संकेतस्थळावर सगळ्या आवृत्त्या पानापानाने मोफत मिळतात.

मार्क ट्वेनच्या 'ॲडव्हेंचर्स ऑफ हकलबरी फिन'बाबत सावधगिरी हवी ती दुसऱ्याच कारणाने. २०११ साली अमेरिकेत तिची एक आवृत्ती निघाली, तिच्यात कृष्णवर्णीयांसाठीचा हेटाळणीचा शब्द बदलून 'स्लेव्ह' केलेला आहे. कादंबरीचा गाभाच त्या भाषेत असल्यामुळे अभ्यासाला ती आवृत्ती उपयोगाची नाही. आपल्या बाजारात मिळणाऱ्या स्वस्त आवृत्त्यांत कधी प्रकरणं संक्षिप्त केलेली असतात, कधी टिपा मुळीच नसतात. त्यापेक्षा 'नॉर्टन क्रिटिकल एडिशन' या मालेतली प्रत शोधा. या मालेत मूळ संहिता, तळटीपा, लेखकाची पत्रं, त्या काळातली परीक्षणं आणि नंतरचे निवडक समीक्षालेख एकाच पुस्तकात असतात. लहान गावात राहून अभ्यास करणाऱ्याला एका कादंबरीसाठी हे एक पुस्तक बहुतेक पुरतं. 'लायब्ररी ऑफ अमेरिका'चे खंड १९८२ पासून निघत आहेत. त्यांची संहिता उत्तम असते, पण टिपा थोड्या आणि समीक्षा जवळपास नाही. नेमके उतारे घेण्यासाठी ते वापरा.

मोठा संग्रह: नॉर्टन, आणि जुने भारतीय संग्रह

'नॉर्टन ॲन्थॉलॉजी ऑफ अमेरिकन लिटरेचर' १९७९ साली प्रथम निघाला. अलीकडच्या आवृत्त्या पाच खंडांच्या आहेत: आरंभापासून १८२० पर्यंत, १८२०-१८६५, १८६५-१९१४, १९१४-१९४५ आणि १९४५ नंतर. बरीच वर्षं नीना बेम या प्रमुख संपादक होत्या, त्यांच्यानंतर रॉबर्ट लेव्हिन आले. संक्षिप्त आवृत्तीही मिळते.

या संग्रहातला मला सर्वांत मोलाचा वाटणारा भाग विद्यार्थी बहुधा उघडतच नाहीत. प्रत्येक कालखंडाच्या आरंभी एक दीर्घ प्रस्तावना असते. त्या पाच प्रस्तावना सलग वाचल्या तर या साहित्याचा कणा हाती येतो. प्रत्येक लेखकाआधीची दोन-तीन पानांची ओळखही तितकीच नेमकी असते. माझा सल्ला असा: सत्र सुरू होण्याआधीच्या सुट्टीत फक्त या पाच प्रस्तावना वाचा. नेमलेल्या कृती नंतर.

पॉल लॉटर यांच्या संपादनाखाली १९९० साली आलेला 'हीथ ॲन्थॉलॉजी' जरा वेगळ्या वाटेने गेला. मूळनिवासी, कृष्णवर्णीय, लॅटिनो, आशियाई वंशाचे लेखक आणि स्त्रिया यांना त्याने सुरुवातीपासूनच भरपूर जागा दिली. नॉर्टनच्या आधीच्या आवृत्त्यांशी त्याची अनुक्रमणिका ताडून पाहिली तर एका दशकात अभ्यासाची दिशा किती बदलली ते लगेच दिसतं.

आपल्याकडच्या ग्रंथालयांत मात्र दिल्लीच्या युरेशिया पब्लिशिंग हाउसने काढलेले दोन संग्रह जास्त आढळतात: विल्यम फिशर आणि सहकाऱ्यांचा एकोणिसाव्या शतकाचा, आणि एग्बर्ट ऑलिव्हर यांचा १८९० ते १९६५ या काळाचा. भारतीय विद्यार्थ्यांच्या कैक पिढ्या या दोन पुस्तकांवर शिकल्या. इमर्सन, पो, हॉथॉर्न, फ्रॉस्ट वाचायला ते अजूनही चांगले आहेत. १९६५ नंतरचं अर्थातच त्यांत नाही, आणि त्याआधीच्याही अनेक लेखिका नाहीत.

सलग वाचायचा एक इतिहास

कोणताही एकच इतिहास पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचा. दोन-तीन इतिहासांतली निवडक प्रकरणं वाचली की दृष्टी विस्कळीत होते.

इंग्रजी वाचनाचा सराव कमी असेल तर कॅथरिन व्हॅनस्पॅन्करेन यांचं 'आउटलाइन ऑफ अमेरिकन लिटरेचर' घ्या. ते अमेरिकन सरकारने परदेशी वाचकांसाठी काढलं, भाषा सोपी आहे आणि इंटरनेटवर मोफत मिळतं. पीटर हाय यांची लाँगमनने काढलेली रूपरेषाही याच पातळीची आहे. त्यापुढच्या टप्प्यासाठी मी रिचर्ड रुलँड आणि माल्कम ब्रॅडबरी यांचं 'फ्रॉम प्युरिटनिझम टू पोस्टमॉडर्निझम' हे १९९१ चं पुस्तक सुचवतो. एक लेखक अमेरिकन, दुसरा ब्रिटिश कादंबरीकार, त्यामुळे सांगण्यात ओघ आहे आणि युरोपशी असलेलं नातं सतत नजरेसमोर राहतं. रिचर्ड ग्रे यांचा 'अ हिस्टरी ऑफ अमेरिकन लिटरेचर' जास्त विस्तृत आहे. मूळनिवासींच्या मौखिक परंपरेपासून अलीकडच्या लेखकांपर्यंत तो पोचतो. नेट-सेटची तयारी करणाऱ्याला ग्रे अधिक उपयोगी पडेल, कारण त्यात नावं आणि कृती भरपूर आहेत.

मार्कस कनलिफ यांचं 'द लिटरेचर ऑफ द युनायटेड स्टेट्स' आपल्या कपाटांत हमखास असतं. १९५४ चं आहे, पण इतकं सुरेख लिहिलेलं छोटं पुस्तक नंतर फारसं झालं नाही. इमर्सन आणि हॉथॉर्नवरची प्रकरणं जरूर वाचा.

कोश जवळ ठेवायचा, पण उत्तरात आणायचा नाही

जेम्स डी. हार्ट यांचा 'ऑक्सफर्ड कम्पॅनियन टू अमेरिकन लिटरेचर' १९४१ साली आला. १९९५ ची सहावी आवृत्ती फिलिप लाइनिंगर यांनी पूर्ण केली. लेखक, कृती, चळवळी, नियतकालिकं, पात्रं यांच्या अकारविल्हे नोंदी त्यात आहेत. शेवटी एक कालानुक्रमणिका आहे: एका रकान्यात त्या वर्षीची पुस्तकं, शेजारच्या रकान्यात त्या वर्षीच्या सामाजिक घटना. १८५० ते १८५५ या वर्षांवरून नजर फिरवलीत तर पळून गेलेल्या गुलामांना पकडून परत पाठवण्याचा १८५० चा कायदा आणि १८५२ ची 'अंकल टॉम्स केबिन' ही गुलामगिरीविरोधी कादंबरी यांचा संबंध कुणी समजावून द्यावा लागत नाही. वाङ्मयीन संज्ञांसाठी एम. एच. एब्रम्स यांची 'ग्लॉसरी' पुरेशी आहे. 'ट्रान्सेन्डेन्टलिझम' ही नोंद तिथे वाचा आणि मग लगेच इमर्सनचा 'नेचर' उघडा.

मोठे इतिहास प्रकरणापुरते वापरायचे

रॉबर्ट स्पिलर आणि सहकाऱ्यांचा 'लिटररी हिस्टरी ऑफ द युनायटेड स्टेट्स' १९४८ चा. एमरी एलियट यांच्या संपादनाखालचा 'कोलंबिया लिटररी हिस्टरी' १९८८ चा. सॅकव्हन बर्कोविच यांच्या संपादनाखालचा 'केम्ब्रिज हिस्टरी ऑफ अमेरिकन लिटरेचर' आठ खंडांचा, १९९४ ते २००५ या काळात निघालेला. स्पिलर यांच्या ग्रंथाला राष्ट्राच्या वाङ्मयाची एकच सलग कहाणी सांगायची आहे. अशी एकच कहाणी सांगता येईल हा विश्वास पुढच्या दोन ग्रंथांच्या संपादकांना उरला नव्हता, म्हणून तिथे अनेक अभ्यासक आपापल्या बाजूने लिहितात. हे तिन्ही सलग वाचण्याचे ग्रंथ नाहीत. विषय ठरवा, सूची पाहा, तेवढं प्रकरण वाचा. याच नावाचा १९१७ ते १९२१ या काळातला चार खंडांचा जुना केम्ब्रिज इतिहासही ग्रंथालयांत असतो. नाव सारखं असल्यामुळे संदर्भ देताना गल्लत होते, म्हणून संपादक आणि वर्ष दोन्ही लिहा.

समीक्षेचं जुनं कपाट आणि त्यात नसलेली माणसं

इथे थोडं थांबावं लागेल. एफ. ओ. मॅथिसन यांचा 'अमेरिकन रेनेसान्स' १९४१ चा. इमर्सन, थोरो, हॉथॉर्न, मेल्व्हिल आणि व्हिटमन या पाच जणांनी १८५० ते १८५५ या पाच वर्षांत जे लिहिलं त्याच्याभोवती हा ग्रंथ उभा आहे. ओळींचं, प्रतिमांचं, गद्याच्या लयीचं इतकं बारीक वाचन तोवर अमेरिकन लेखकांच्या वाट्याला क्वचितच आलं होतं. अमेरिकन साहित्य हा विद्यापीठांत स्वतंत्र विषय म्हणून रुजण्यात या ग्रंथाचा वाटा मोठा आहे. 'मोबी डिक'च्या भाषेवर शेक्सपिअरचा ठसा कसा आहे, ते आजही मॅथिसनकडूनच शिकावं.

पण पाचही पुरुष, पाचही गोरे. त्याच पाच वर्षांत हॅरिएट बीचर स्टोची 'अंकल टॉम्स केबिन' प्रचंड खपली. गुलामगिरीतून सुटलेल्या फ्रेडरिक डग्लसचं दुसरं आत्मकथन १८५५ सालीच आलं. मॅथिसनच्या चित्रात यांना जागा नाही. त्यानंतरच्या पिढीतले हेन्री नॅश स्मिथ यांचं 'व्हर्जिन लँड' (१९५०), आर. डब्ल्यू. बी. लुइस यांचं 'द अमेरिकन ॲडम' (१९५५), रिचर्ड चेस यांचं 'द अमेरिकन नॉव्हेल अँड इट्स ट्रॅडिशन' (१९५७) आणि लिओ मार्क्स यांचं 'द मशीन इन द गार्डन' (१९६४) हे ग्रंथही आपल्याकडे सर्रास नेमले जातात. अमेरिकन मनाचा एक मूळ आकृतिबंध शोधण्याची ओढ त्या सगळ्यांत आहे: अनाघ्रात भूमी, भूतकाळ नसलेला नवा आदम, कुरणात घुसलेलं यंत्र.

हे ग्रंथ वाचाच, पण प्रत्येकाबरोबर त्याला उलटा प्रश्न विचारणारं एक लिखाण जोडून वाचा. चेस आणि लुइस यांच्याबरोबर नीना बेम यांचा १९८१ चा 'मेलोड्रामाज ऑफ बिसेट मॅनहुड' हा लेख: समाजापासून पळणाऱ्या पुरुषाची गोष्ट म्हणजेच अमेरिकन कादंबरी, असं ठरवलं की स्त्रियांचं लेखन आपोआप बाहेर कसं पडतं, ते त्या दाखवतात. मॅथिसनबरोबर जेन टॉम्पकिन्स यांचं 'सेन्सेशनल डिझाइन्स' (१९८५), त्यातही स्टोवरचं प्रकरण. आणि सगळ्यांबरोबर टोनी मॉरिसन यांचं 'प्लेइंग इन द डार्क' (१९९२). शंभरेक पानांचं हे पुस्तक विचारतं की गोऱ्या लेखकांच्या कल्पनेत कृष्णवर्णीयांचं अस्तित्व न बोलता काय काम करत असतं. पो, कॅथर, हेमिंग्वे यांच्याकडे पाहण्याची नजर त्याने बदलते. एकच समीक्षाग्रंथ वाचण्याइतका वेळ असेल तर मी हा वाचायला सांगेन.

नाटकासाठी सी. डब्ल्यू. ई. बिग्सबी यांचे विसाव्या शतकाच्या नाटकावरचे तीन खंड आहेत. दुसरा खंड विल्यम्स, मिलर आणि आल्बी यांच्यावर आहे, आपल्या अभ्यासक्रमांना नेमका तोच लागतो.

कृष्णवर्णीय साहित्य: मराठी वाचकाला इथे वाट जवळची आहे

'नॉर्टन ॲन्थॉलॉजी ऑफ आफ्रिकन अमेरिकन लिटरेचर' हा हेन्री लुइस गेट्स आणि नेली मॅके यांचा संग्रह इथला पायाभूत ग्रंथ. त्याची सुरुवात लेखकांपासून होत नाही, स्पिरिच्युअल्स, ब्लूज, प्रवचनं, लोककथा अशा मौखिक परंपरेपासून होते. समीक्षेसाठी गेट्स यांचं 'द सिग्निफाइंग मंकी' (१९८८) आहे. ते कठीण आहे, म्हणून आधी झोरा नील हर्स्टनची 'देअर आइज वेअर वॉचिंग गॉड' वाचून मग तिच्यावरचं प्रकरण घ्या. गुलामांची आत्मकथनं नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठाच्या 'डॉक्युमेंटिंग द अमेरिकन साउथ' या संकेतस्थळावर मोफत आहेत.

मराठीत या विषयावर गंभीर काम फार आधी झालं आहे आणि इंग्रजीचे विद्यार्थी ते विसरतात, याचं वाईट वाटतं. जनार्दन वाघमारे यांचं 'अमेरिकन निग्रो: साहित्य आणि संस्कृती' हे पुस्तक शोधून वाचा. शीर्षकातला शब्द त्या काळचा आहे, आज तो वापरत नाहीत. पण दलित साहित्याच्या चर्चेशेजारी बसून लिहिलेला असा आढावा इंग्रजी ग्रंथांत मिळणार नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४६ साली अमेरिकेतले कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. द्यू बॉयस यांना पत्र लिहून संयुक्त राष्ट्रांपुढे नेलेल्या कृष्णवर्णीयांच्या अर्जाची प्रत मागवली होती. १९७२ साली मुंबईत स्थापन झालेल्या दलित पँथरने तर नावच अमेरिकेतल्या ब्लॅक पँथर या कृष्णवर्णीयांच्या संघटनेवरून घेतलं. तौलनिक अभ्यासाचा प्रबंध करायचा असेल तर एवढी सामग्री घरातच आहे. फक्त 'दोन्हींत दुःख आहे' एवढ्यावर थांबू नका. वंश आणि जात या दोन वेगळ्या रचना आहेत. आत्मकथनाचा घाट, निवेदकाची भाषा, वाचक कोण धरला आहे, अशा ठोस गोष्टींची तुलना करा.

थोरोच्या 'वॉल्डन'साठी दुर्गा भागवतांचा 'वॉल्डनकाठी विचारविहार' आणि हेमिंग्वेच्या 'द ओल्ड मॅन अँड द सी'साठी पु. ल. देशपांड्यांचं 'एका कोळियाने', हे अनुवाद मूळ इंग्रजीशेजारी ठेवून वाचा. जिथे मूळ वाक्य अडतं तिथे चांगला अनुवाद हा सर्वांत जवळचा टीकाकार असतो.

काय छापून आलं आहे, ते शोधायचं कसं

ग्रंथालयात ड्यूई वर्गीकरण असेल तर अमेरिकन साहित्य ८१० च्या घरात असतं: ८११ कविता, ८१२ नाटक, ८१३ कथा-कादंबरी, ८१४ निबंध. इतिहास आणि समीक्षा ८१०.९ ला. एखादं पुस्तक शोधायला गेलात तरी त्या क्रमांकाची अख्खी फळी नजरेखालून घाला.

संशोधनासाठी 'अमेरिकन लिटररी स्कॉलरशिप' हे वार्षिक लक्षात ठेवा. १९६३ पासूनच्या एकेका वर्षात कोणत्या लेखकावर काय प्रसिद्ध झालं, त्याचा परखड आढावा जाणकारांनी घेतलेला असतो. तीस लेखांपैकी कोणते तीन वाचण्याजोगे, हे तिथे कळतं. 'अमेरिकन लिटरेचर' हे १९२९ पासूनचं त्रैमासिक जेस्टोर या नियतकालिकांच्या ऑनलाइन संग्रहात मिळतं. महाविद्यालय एन-लिस्टचं, म्हणजे महाविद्यालयांना ई-नियतकालिकं आणि ई-पुस्तकं पुरवणाऱ्या योजनेचं, सदस्य असेल तर ग्रंथपालांकडून प्रवेशाचा तपशील मागून घ्या. पुष्कळ ठिकाणी तो असतो आणि कुणी मागत नाही. 'शोधगंगा'वर भारतीय विद्यापीठांतले प्रबंध आहेत. तुमचा विषय आधी कुणी हाताळला का, ते तिथे तपासा, पण प्रबंधांतली उद्धरणं मूळ ग्रंथात पाहिल्याशिवाय उचलू नका.

मोफत पुस्तकांबद्दल कायद्याची बाजूही माहीत असावी. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षांनी, पुढच्या जानेवारीपासून, हक्क संपतो. हेमिंग्वे १९६१ साली वारला, फॉकनर १९६२ साली, फ्रॉस्ट १९६३ साली. अमेरिकेत नियम वेगळा आहे, त्यामुळे तिथल्या प्रोजेक्ट गुटेनबर्ग या मोफत पुस्तकांच्या संकेतस्थळावर यांची १९३० नंतरची पुस्तकं सापडत नाहीत.

प्रत्यक्ष जाण्यासारख्या जागांत हैदराबाद पहिलं. १९६४ साली उस्मानिया विद्यापीठाच्या आवारात स्थापन झालेल्या अमेरिकन स्टडीज रिसर्च सेंटरने उभारलेला संग्रह या विषयासाठी देशात फार मोठा मानला गेला. महाराष्ट्रातल्या कितीतरी प्राध्यापकांनी आपले प्रबंध तिथे बसून लिहिले. केंद्राचं नाव पुढे बदललं, म्हणून जाण्याआधी विद्यापीठाकडे चौकशी करा. मुंबईत अमेरिकन वकिलातीचं ग्रंथालय आहे.

एका कथेवर हे सगळं कसं चालवायचं

मेल्व्हिलची 'बार्टलबी, द स्क्रिव्हनर' नेमली आहे असं धरू. प्रथम कथा वाचा, एका बैठकीत, काहीही न उघडता. अडलेल्या जागांवर पेन्सिलीने खूण करा: टूम्ब्स, जॉन जेकब ॲस्टर, 'एडवर्ड्स ऑन द विल', डेड लेटर ऑफिस.

दुसऱ्या वाचनात नॉर्टनच्या तळटीपा पाहा. टूम्ब्स हा न्यूयॉर्कचा तुरुंग, ॲस्टर त्या काळचा गडगंज श्रीमंत. एडवर्ड्स म्हणजे अठराव्या शतकातला धर्मोपदेशक जॉनथन एडवर्ड्स, माणसाला इच्छास्वातंत्र्य आहे की नाही यावर लिहिणारा. 'मला नको वाटतं' असं म्हणत राहणाऱ्या कारकुनाच्या कथेत हा उल्लेख सहज आलेला नाही, हे लक्षात येताच पहिला स्वतःचा मुद्दा हाती लागतो. आता कोशाकडे वळा: कथा १८५३ साली 'पटनम्ज' मासिकात लेखकाचं नाव न देता छापली गेली आणि १८५६ च्या 'द पियाझा टेल्स'मध्ये आली. 'मोबी डिक' १८५१ ची, म्हणजे तिच्या अपयशानंतरचं हे लेखन. मग इतिहासातलं मेल्व्हिलवरचं प्रकरण. शेवटी समीक्षा: लिओ मार्क्स यांचा १९५३ चा 'मेल्व्हिल्स पॅराबल ऑफ द वॉल्स' हा लेख कथेतल्या भिंतींचा माग काढतो आणि कारकुनाला लेखक मानून वाचतो. डॅन मॅकॉल यांचं 'द सायलेन्स ऑफ बार्टलबी' (१९८९) अशा सगळ्या उकलींवर शंका घेतं. दोन्ही वाचल्यावर कथा तिसऱ्यांदा वाचा, या वेळी फक्त निवेदक वकिलाकडे लक्ष ठेवून. आपल्या मताचे दोन परिच्छेद तेव्हाच लिहून काढा, टिपणं न पाहता. उद्धरणं नंतर भरता येतात.

पैसे थोडे असतील तर

नॉर्टनची संक्षिप्त आवृत्ती, जुनी मिळाली तरी चालेल, ही पहिली खरेदी. एक-दोन आवृत्त्या मागची प्रत मुंबईच्या फोर्टात किंवा पुण्यात अप्पा बळवंत चौकात जुन्या पुस्तकांत शोधता येते. दुसरी खरेदी एब्रम्सची ग्लॉसरी. तिसरी, ज्या कादंबरीवर प्रकल्प करायचा तिची नॉर्टन क्रिटिकल प्रत. इतिहासाचं काम व्हॅनस्पॅन्करेन मोफत भागवतात, हार्ट यांचा कोश ग्रंथालयात असतो, आणि बर्कोविचचे खंड विकत घेण्याची गरज कुणालाच नाही. मॉरिसनचं छोटं पुस्तक मात्र स्वतःचं असू द्या, त्याच्या समासात लिहावंसं वाटतं.